हुकूमनामा हातात आहे, वसुली कशी करायची?

प्रश्न: मी सांगलीतला निवृत्त शिक्षक. तासगावच्या एका बेदाणा व्यापाऱ्याला ओळखीवर ६ लाख हातउसने दिले होते. साडेचार वर्षांपूर्वी दावा लावला आणि निकाल माझ्या बाजूने लागून हुकूमनामा (पैसे देण्याचा कोर्टाचा आदेश) मिळाला, दाव्याच्या तारखेपासून ६ टक्के व्याजासह. आता तो हात वर करतोय. ४ लाखांत मिटवू म्हणतो: १ लाख रोख, बाकी दरमहा १२,५०० प्रमाणे २४ हप्ते. दावा चालू असताना त्याने दीड एकर मुलाला बक्षीसपत्राने दिली. वकील म्हणतात, तुरुंगाचा अर्ज करू. काय करू? या पैशांच्या भरवशावर फ्लॅटही बुक करायचा आहे.

उत्तर: आज तुमचं येणं व्याजासह ७ लाख ६२ हजार आहे. त्याचे ४ लाख हप्त्यांनी येणार, त्यामुळे ७ टक्के दराने त्यांची आजची किंमत जेमतेम ३ लाख ७९ हजार, म्हणजे येण्याच्या निम्मी. पूर्ण वसुलीची शक्यता निम्म्याहून कमी असेल तर तडजोड परवडते. पण ती शक्यता जोखायची कशी? त्याच्याकडे काय आहे, हे तुम्हाला फक्त त्याच्याच तोंडून कळलंय.

तुरुंगाचं आधी बाजूला ठेवू. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५१ प्रमाणे नुसते पैसे दिले नाहीत म्हणून कोणाला डांबता येत नाही. ऐपत असूनही टाळतोय, किंवा दावा दाखल झाल्यावर लबाडीने मालमत्ता हलवली, असं काहीतरी कोर्टाला पटवावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये जॉली जॉर्ज व्हर्गीस खटल्यात हेच बजावलं. पटलंच तरी कैद जास्तीत जास्त ३ महिने, त्याचा निर्वाह भत्ता आधी तुम्ही भरायचा, आणि सुटल्यावर त्याच हुकूमनाम्यावर पुन्हा अटक नाही. कर्ज मात्र तसंच राहतं. तेव्हा हे हत्यार धाकापुरतं ठीक. बक्षीसपत्रामुळे त्याला थोडी धार आहे, एवढंच.

खरा उपयोग त्याच संहितेतल्या आदेश २१, नियम ४१ चा. दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या प्रकरणात, अर्ज देऊन त्याला मालमत्तेचं शपथपत्र द्यायला लावा. त्यासाठी वकिलांना नेमके प्रश्न लिहून द्या: कोणत्या कोल्ड स्टोअरेजमध्ये कोणाच्या नावावर किती बेदाणा आहे? कोणत्या अडत्याकडे सौद्याचे पैसे अडकलेत? बँक खाती कोणती? तुमच्या माणसाची मालमत्ता घरात नसून दुसऱ्याच्या गोदामात आणि दुसऱ्याच्या वहीत असण्याची शक्यता जास्त. त्याच्या नावचा असा माल आणि येणं कोर्टाच्या मनाई हुकुमाने तिथेच अडवता येतं. याउलट घरातली भांडीकुंडी, अंथरूण-पांघरूण कलम ६० प्रमाणे जप्तच होत नाही, त्यामुळे बेलीफ घेऊन दारात जाण्यात फक्त तमाशा होतो. जमिनीचे फेरफारही काढून ठेवा. बक्षीसपत्राची तारीख तिथे दिसेल. ते रद्द ठरवायला मात्र वेगळी झुंज द्यावी लागेल.

शपथपत्रात खरोखरच काही निघालं नाही तर तडजोड घ्या, आणि बिनदिक्कत घ्या. पण सुरुवातीच्या एकरकमी रकमेचा आकडा २ लाखांच्या पुढे न्या, आणि तडजोडीची पुरसीस (लेखी निवेदन) कोर्टात दाखल करा. कोर्टाबाहेर झालेला समझोता नोंदवला नाही तर दरखास्तीत तो धरला जात नाही. पुरसिशीत दोन ओळी हव्यातच: दोन हप्ते चुकले तर सूट रद्द होऊन पूर्ण हुकूमनामा वसूल करता येईल, आणि ‘पूर्ण फेड’ची नोंद शेवटच्या हप्त्यानंतरच. वसुलीची मुदत हुकूमनाम्यापासून १२ वर्षं, तेव्हा घाईने सही करायचं कारण नाही. मुलाने जामीन राहायची तयारी दाखवली तर ४ लाखही मला वाईट वाटणार नाहीत. दीड एकर त्याच्याकडेच गेलीय ना!

फ्लॅट बुक करू नका. निवृत्तीची ठेव मोडून तर नकोच. पहिली रक्कम खात्यात पडली की तिच्यापुरताच विचार करू.