'वजन घ्या' दाबल्यावर विंडो हँग होते: आधी ती प्रोसेसइव्हेंट्सची ओळ काढा

तुमची पोस्ट काल रात्री वाचली आणि बराच वेळ झोप लागली नाही. कराडला काकांची गुळाची अडत, काट्यावरचं वजन थेट कॉम्प्युटरवर घ्यायचं. घरच्या उबंटूवर पायक्यूटीत (पायथनमधून क्यूटी वापरून विंडो-बटणं बनवायचं साधन) लिहिलेला प्रोग्राम नीट चालतो, दुकानातल्या विंडोजवर मात्र बटण दाबलं की विंडो पांढरी पडते आणि वर 'नॉट रिस्पॉन्डिंग' येतं. कुणीतरी सुचवलं म्हणून लूपमध्ये (तेच काम पुन्हा पुन्हा करणाऱ्या कोडमध्ये) प्रोसेसइव्हेंट्स, म्हणजे अडून राहिलेले क्लिक मधेच उरकून घेणारी ओळ, घातलंत, आता 'बहुतेक चाललंय'. आणि प्रश्न असा की पायक्यूटी सोडून इलेक्ट्रॉन (वेबच्या तंत्राने डेस्कटॉप ॲप बनवायचं साधन) शिकावं का.

इलेक्ट्रॉनचं नंतर बघू. आधी ती ओळ काढा. दुकानात प्रोग्राम चालू असेल तर उद्याचे सौदे सुरू व्हायच्या आत काढा.

मी सांगलीचा. शिक्षण मेकॅनिकल डिप्लोमाचं, प्रोग्रामिंग स्वतःच शिकलो, तेव्हा माझं बोलणं शेवटचा शब्द समजू नका. पण हे दुखणं मी अंगावर काढलंय. २०१७ च्या हळदीच्या हंगामात मार्केट यार्डातल्या एका अडत दुकानासाठी अगदी तुमच्यासारखाच प्रोग्राम लिहिला होता. बटण दाबायचं, काट्याकडून स्थिर वजन येईपर्यंत लूपमध्ये वाचत राहायचं, आलं की पोत्याची नोंद करायची. घरी काटा नव्हता म्हणून फाइलमधून आकडे वाचून तपासलं, झटक्यात चाललं. यार्डात पहिल्याच दिवशी विंडो हँग. मग मीही प्रोसेसइव्हेंट्स घातलं. विंडो हलायला लागली, शेठ खूश, मी घरी.

चौथ्या दिवशी संध्याकाळी दिवाणजींचा फोन आला. एका शेतकऱ्याची हमालांनी उतरवलेली पोती ४६, आणि पट्टीवर ५१. खरेदीदाराच्या बिलातही ५१. पाच पोत्यांचं वजन हुबेहूब दोनदा लागलेलं. रात्री दीडपर्यंत दिवाणजी, मापाडी आणि मी कंदिलासारख्या एका बल्बखाली बसून चार दिवसांच्या पट्ट्या हाताने तपासल्या. अशा अजून नऊ सापडल्या. काही शेतकरी पैसे घेऊन गावी गेले होते. फरक शेठनी भरला, मला एक शब्द बोलले नाहीत, पण दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटर झाकून ठेवला आणि पुन्हा वहीवर आले. दिवाणजींच्या चाळीस वर्षांच्या हिशोबाला माझ्यामुळे बोट लागलं, हे मला आजही सलतं.

झालं काय होतं ते समजून घ्या, कारण तुमच्याकडे तेच होणार आहे. अडतीत गल्ल्यावर एकच दिवाणजी असतो. शेतकरी पट्टी मागतो, हमाल हिशोब विचारतो, फोन वाजतो. तो प्रत्येकाचं थोडक्यात उरकून पुढच्याकडे वळतो. इव्हेंट लूप, म्हणजे प्रोग्राममधला क्लिक वगैरे एकेक करून हाताळणारा भाग, तो हाच माणूस. तुमच्या बटणाच्या फंक्शनने त्याला काट्यापाशी नेऊन उभं केलं आणि सांगितलं, आकडा येईपर्यंत हलायचं नाही. मग गल्ला ओस पडणारच. पायसीरियलमध्ये (पायथनमधून काट्याचा पोर्ट वाचायची लायब्ररी) टाइमआउट, म्हणजे किती वेळ थांबायचं ते, दिला नाही तर आकडा येईपर्यंत तो कायमचा थांबतो, हेही लक्षात असू द्या. प्रोसेसइव्हेंट्स म्हणजे काट्यापाशी उभ्या असलेल्या त्या माणसाने तिथूनच इतरांची कामं घेणं. आता आकडा यायला उशीर झाला म्हणून कुणी घाईने 'वजन घ्या' पुन्हा दाबलं, तर पहिलं फंक्शन अर्धवट असतानाच तेच फंक्शन आतून दुसऱ्यांदा सुरू होतं. आतलं वजन वाचतं, नोंद करतं, संपतं. मग बाहेरचं जागं होतं. काटा तर सेकंदाला कितीतरी वेळा तोच आकडा पाठवत असतो, तेव्हा तेही तेच वजन वाचून दुसरी नोंद करतं. एरर नाही, क्रॅश नाही. म्हणूनच 'बहुतेक चाललंय' हे शब्द वाचून मला धस्स झालं.

यावर माझं मत ठाम आहे: बटणाच्या फंक्शनमध्ये कशाचीही वाट बघायची नाही. स्लीप नाही, लूप नाही. क्यूटीत पोर्ट वाचायला क्यूसीरियलपोर्ट आहे, ते वापरा. काट्याकडून काही आलं की तो रेडीरीड सिग्नल देतो, तुम्ही त्या सिग्नलला जोडलेल्या फंक्शनमध्ये (स्लॉटमध्ये) आलेलं वाचून ओळ पूर्ण होईपर्यंत जपून ठेवायचं. थ्रेडसुद्धा (त्याच प्रोग्राममध्ये समांतर चालणारं काम) लागत नाही. पोर्ट उघडल्यावरची पहिली ओळ फेकून द्या, ती बहुतेक वेळा मधूनच कापलेली असते आणि १५०.२ चं ५०.२ होऊन बसतं. वजन मागितलं की बटण बंद करा, नोंद डेटाबेसात गेल्यावरच पुन्हा चालू करा.

पायसीरियलच ठेवायचं असेल तर वाचन क्यूथ्रेडमध्ये (क्यूटीच्या वेगळ्या थ्रेडमध्ये) न्या, पण त्या थ्रेडमधून लेबलला किंवा टेबलला हात लावू नका. आकडा सिग्नलने मुख्य थ्रेडकडे पाठवा, लेबल तोच बदलेल. हा क्यूटीचा पक्का नियम आहे. मोडला तर लगेच काही होत नाही, हेच वाईट. माझ्या लिनक्सवर तसला कोड तीन आठवडे बिनबोभाट चालला आणि विंडोजवर दिवसातून दोनदा बंद पडायचा.

आता इलेक्ट्रॉन. वाईट नाही, पण तुमचा आजार तिथेही तसाच राहील. पायथनची विंडो बनवायची दुसरी साधनं घ्या, टीकेइंटरमध्ये मेनलूप, डब्ल्यूएक्सपायथनमध्ये मेनलूप, क्यूटीत एक्झेक, नावं वेगळी पण सगळीकडे तोच एकटा दिवाणजी. शिवाय इलेक्ट्रॉन प्रत्येक ॲपसोबत अख्खं क्रोमियम ब्राउझर आणि नोड (जावास्क्रिप्ट चालवणारा भाग) घेऊन येतं. अडतीतल्या ४ जीबीच्या कॉम्प्युटरवर ते मला तरी नको वाटतं. हे माझं मत, वेब चांगलं येणाऱ्याचं वेगळं असू शकेल. टीकेइंटर मी सोडलं ते लिनक्सवर मराठी जोडाक्षरं तुटायची म्हणून. आपल्याला 'ज्ञानेश्वर' नीट दिसायलाच हवं.

तुम्हाला कॉलेजजवळच्या क्लासने क्यूटीच्या डिझायनरमध्ये बटणं ओढून ठेवायला शिकवलं असं लिहिलंय. मीही पैसे भरून तेवढंच शिकलो. पण खरा राग आहे तो काट्याच्या सर्व्हिस सेंटरवर. नाव घेत नाही. तीन चकरा मारल्या, काटा कुठल्या स्वरूपात आकडा पाठवतो एवढंच विचारलं. उत्तर एकच: "ते देत नाही, आमचंच सॉफ्टवेअर घ्या." शेतकऱ्याच्या पोत्याचं वजन कसं वाचायचं हे गुपित कसं असू शकतं? शेवटी एकेक बॉड रेट (आकडे पाठवण्याचा वेग) लावून बघितला, ९६०० वर आकडे दिसले. तुम्हीही तिथूनच सुरुवात करा.

बाकी विंडोजवर पोर्टचं नाव कोडमध्ये लिहून ठेवू नका. केबल दुसऱ्या यूएसबीत घातली की कॉम ३ चा कॉम ५ होतो. उबंटूवर पोर्ट वाचायची परवानगी मिळायला तुमचं खातं डायलआउट ग्रुपमध्ये हवं. विंडोजवर अक्षरं कापली जातात म्हणालात, ते ठरावीक पिक्सेलवर बटणं ठेवल्यामुळे. फाँट बदलला की मात्रा-वेलांट्या मावत नाहीत. लेआउट (बटणं जागेप्रमाणे आपोआप मांडणारी सोय) वापरा, हा भाग एका संध्याकाळचा आहे. पायइन्स्टॉलर (पायथन प्रोग्रामची चालवायची फाइल बनवणारं साधन) उबंटूवर चालवून विंडोजची फाइल निघत नाही, ती विंडोजवरच बनवावी लागते. आणि दुकानात विंडोज ७ असेल तर क्यूटी ६ चालणार नाही, त्याला किमान विंडोज १० लागतं. तिथे पायथन ३.८ आणि क्यूटी ५.१५ वर राहा. प्रोग्राम पुढे विकायचा विचार असेल तर पायक्यूटीचं जीपीएल लायसन्स आधी वाचा, पायसाइड, म्हणजे पायथनमधून क्यूटी वापरायचं दुसरं साधन, एलजीपीएल या सैल लायसन्सखाली मिळतं आणि कोड जवळजवळ तसाच राहतो. वकिलाचा सल्ला म्हणून हे घेऊ नका.

आज रात्री एक काम करा. डेटाबेसातून एकाच शेतकऱ्याच्या, लागोपाठच्या, ग्रॅमपर्यंत सारख्या वजनाच्या आणि काही सेकंदांच्या अंतराच्या नोंदी काढा. सापडल्या तर काकांना लगेच सांगा, लपवू नका. आणि काट्याच्या मागच्या पाटीवरचा मॉडेल नंबर इथे लिहा. यार्डातले बरेच काटे कुठल्या स्वरूपात आकडे पाठवतात ते मी टिपून ठेवलंय, तुमचा त्यात असेल तर सगळं पाठवतो.