सॅच्युरेशन ९९ झालं होतं, तरी सिस्टरनी ऑक्सिजन कमी का केला?

तुमचा प्रश्न असा आहे: बाळ २९ व्या आठवड्यात झालं, वजन ११५० ग्रॅम, आज पाचवा दिवस, नाकाला सीपॅप, म्हणजे दाबाने हवा देणारी नळी, लावलंय. काल मॉनिटरवर ९९ बघून तुमचा जीव भांड्यात पडला आणि तेवढ्यात सिस्टरनी येऊन ऑक्सिजन कमी केला. आकडा ९२ वर उतरला. चांगला आलेला आकडा खाली का आणला, सरळ १०० का ठेवत नाहीत?

मी नवजात बाळांच्या अशाच अतिदक्षता विभागात अकरा वर्षं सिस्टर आहे. हा प्रश्न मला बहुतेक वेळा बाबा लोक विचारतात. आया बाळाकडे बघत बसतात, बाबा मॉनिटरकडे. त्या सिस्टरनी केलं ते बरोबर होतं, आणि माझ्या मते तुम्ही तिथे असताना दोन वाक्यांत समजावून सांगितलं असतं तर तुमची रात्र बरी गेली असती.

आधी एक घोळ सोडवू. तिथे दोन वेगवेगळे आकडे असतात. मॉनिटरवरचा ९२ म्हणजे बाळाच्या रक्तातल्या हिमोग्लोबिनचा किती टक्के भाग ऑक्सिजनने भरलाय ते. दुसरा आकडा हवा आणि ऑक्सिजन एकत्र करणाऱ्या ब्लेंडरच्या बटणावर असतो. बाळाला जी हवा जाते तिच्यात किती टक्के ऑक्सिजन आहे, ते तो सांगतो. आपण श्वास घेतो त्या साध्या हवेत २१ टक्के असतो, म्हणून ते बटण २१ च्या खाली जात नाही. पहिला आकडा ९२ आणि दुसरा २५ असेल तर बाळ छान चाललंय. पहिला ९२ आणि दुसरा ६० असेल तर आम्ही काळजीत असतो. मॉनिटरवर दोन्हीकडे ९२ च दिसतं. म्हणून ‘सॅच्युरेशन किती?’ याच्या जोडीला ‘ऑक्सिजन किती टक्के चालू आहे?’ हेही विचारत जा.

नाकाला नळी आहे म्हणजे ऑक्सिजन चालूच आहे, असंही नसतं. सीपॅपचं मुख्य काम दाब देण्याचं आहे. फुप्फुसातल्या बारीक पिशव्या आतून चिकटू नयेत म्हणून शरीर सरफॅक्टंट नावाचा साबणासारखा पातळ थर बनवतं. तो पुरेसा व्हायला साधारण ३४-३५ आठवडे जातात. तुमच्या बाळाकडे तो अजून अपुरा आहे, त्यामुळे श्वास सोडला की पिशव्या मिटतात आणि पुढच्या श्वासाला त्या पुन्हा उघडायला लागतात. नवीन फुगा फुगवताना पहिल्या फुंकीला गाल दुखतात ना, तसं, प्रत्येक श्वासाला. बबल सीपॅप असेल तर बाजूच्या बाटलीत नळीचं टोक पाच-सहा सेंटिमीटर पाण्यात बुडवलेलं दिसेल आणि सतत बुडबुड आवाज येत असेल. नळी जितकी खोल, तितका दाब. हा दाब पिशव्या उघड्या धरतो. त्यावर नुसती २१ टक्क्यांची हवा घेणारी बाळं आमच्याकडे कायम असतात.

आता १०० का नको ते सांगते. पोटात असताना बाळ जेमतेम ६० टक्क्यांच्या आसपासच्या सॅच्युरेशनवर वाढत असतं. पूर्ण दिवसांचं, ठणठणीत बाळसुद्धा जन्मानंतर पहिल्या मिनिटाला ६०-६५ वर असतं आणि ८५-९५ पर्यंत यायला त्याला दहा मिनिटं लागू शकतात. म्हणजे ९२ हा आकडा तुम्हाला आपल्या मापाने कमी वाटतो, बाळाच्या मापाने तो भरपूर आहे.

दुसरं असं की मशीन १०० च्या पुढे मोजू शकत नाही. पेला काठोकाठ भरला की नळ बारीक चालू आहे की धो धो, हे पेल्याकडे बघून कळत नाही. वरून ऑक्सिजन चालू असताना १०० दिसलं, तर रक्तातला ऑक्सिजनचा दाब ९० असेल किंवा २५० सुद्धा. ९२-९३ वर असताना मात्र पेला कुठवर भरलाय ते दिसतं. म्हणून ऑक्सिजनवरच्या कमी दिवसांच्या बाळाला साधारण ९० ते ९५ मध्ये ठेवतात. आकडा ९५ च्या वर गेला तरी अलार्म वाजतो, आणि तो ऐकून ‘आता तर चांगलं झालंय, मग का वाजतंय’ असं लोकांना वाटतं.

एक अपवाद लक्षात ठेवा, नाहीतर पुढे उगाच घाबराल. बटण २१ वर असताना किंवा नळी काढल्यावर बाळ स्वतःहून ९९-१०० दाखवायला लागलं तर ते चांगलंच आहे. साध्या हवेने पेला ओसंडत नाही.

जास्तीचा ऑक्सिजन कुठे बोचतो? सगळ्यात आधी डोळ्यांत. दृष्टिपटलाच्या, म्हणजे डोळ्याच्या मागच्या पडद्याच्या, रक्तवाहिन्या मधून कडेकडे वाढत जातात आणि नऊ महिने भरत येतात तेव्हा कुठे काठाला पोचतात. २९ आठवड्यांच्या बाळात त्या अर्ध्या वाटेवर असतात. तिथे ऑक्सिजनचा सुकाळ झाला की त्यांची वाढ थांबते. काही आठवड्यांनी पुढचा कोरडा राहिलेला भाग रक्तासाठी हाका मारायला लागतो, तेव्हा वेड्यावाकड्या, कच्च्या वाहिन्या फुटतात, त्यातून रक्त झिरपतं आणि त्या पडदा ओढून सोडवूही शकतात. या आजाराला आरओपी म्हणतात.

हे ज्ञान फार महागात मिळालंय. १९४२ मध्ये अमेरिकेत टेरी नावाच्या नेत्रतज्ज्ञांनी असा आजार पहिल्यांदा नोंदवला. पुढच्या दहा-बारा वर्षांत जगभरात सुमारे १०,००० मुलं आंधळी झाली, आणि विचित्र म्हणजे सगळ्यात सुसज्ज रुग्णालयांत जास्त. तिथल्या बाळ ठेवायच्या काचेच्या पेट्या चांगल्या बंद होत, ऑक्सिजन मुबलक असे आणि तो सढळ हाताने सोडला जाई. १९५१ मध्ये मेलबर्नच्या डॉ. केट कॅम्पबेल यांनी बोट ऑक्सिजनकडे दाखवलं. मग सगळे दुसऱ्या टोकाला गेले, ऑक्सिजनवर कडक मर्यादा आल्या, आणि फुप्फुसांच्या आजाराने दगावणारी बाळं वाढली. अलीकडे, २०१० च्या आगेमागे, २८ आठवड्यांच्या आतल्या जवळपास ५,००० बाळांवर वेगवेगळ्या देशांत मोठे अभ्यास झाले. ८५-८९ मध्ये ठेवलेल्या गटात मृत्यू जास्त निघाले आणि ९१-९५ मध्ये ठेवलेल्या गटात डोळ्यांचा त्रास जास्त. जीव आधी, म्हणून आता वरच्या बाजूला ठेवतात, पण ९५ च्या पलीकडे जाऊ देत नाहीत. तुमच्या मॉनिटरवरचा ९२ त्या सगळ्यातून आलाय.

फुप्फुसांनाही जास्तीचा ऑक्सिजन सोसत नाही, ती सुजतात, जून होतात आणि ऑक्सिजन सुटायला अजून वेळ लागतो. पूर्ण दिवसांच्या बाळाचं गणित जरा वेगळं आहे. पण जन्मतः न रडलेल्या अशा बाळालाही हल्ली श्वास देताना सुरुवात साध्या हवेनेच करतात, पूर्वीसारखी १०० टक्के ऑक्सिजनने नाही.

माझी स्वतःची चूक सांगते. नवीन होते तेव्हाची गोष्ट. रात्रपाळीला एका बाळाचं सॅच्युरेशन ७८ वर पडलं. मी बटण ३० वरून ५० ला नेलं, पाठीवरून हात फिरवला, बाळ सावरलं. तेवढ्यात शेजारच्या पेटीचा अलार्म वाजला, मी तिकडे वळले आणि बटण ५० वरच राहिलं. वीस मिनिटांनी सीनियर सिस्टर आल्या, ९९ बघितलं आणि काही न बोलता माझा हात धरून बटणावर ठेवला. नंतर म्हणाल्या, ‘वाढवलंस तर तिथून हलायचं नाही, उतरवूनच जायचं.’ तुमच्या सिस्टरनी काल हेच केलं.

आकडा दिवसभर खालीवर होणारच. लंगोट बदलला, नळीतून दूध दिलं की तो पडतो. पाय झाडल्याने प्रोब, म्हणजे सॅच्युरेशन मोजायला पायाला बांधलेला सेन्सर, सरकला तरी पडतो. अलार्म झाला की आम्ही आधी बाळाचा रंग आणि छाती बघतो, मग मॉनिटर. तुम्हीही तसंच करा. ओठ गुलाबी, छाती हलतेय, तर बहुतेक वेळा भानगड प्रोबची असते. २० सेकंदांच्या वर श्वास थांबणं मात्र खरं असतं. या वयात ते होतं, त्यासाठी कॅफिन देतात. कॉफीतलंच ते.

आणि राउंडला डॉक्टर येतील तेव्हा एक गोष्ट नक्की विचारा: डोळ्यांची पहिली तपासणी कधी? १२०० ग्रॅमच्या आतल्या इतक्या लहान बाळांची ती जन्मानंतर साधारण दोन-तीन आठवड्यांनी करतात, आणि वाहिन्या काठाला पोचेपर्यंत परत परत करतात. थेंब टाकून बाहुली मोठी करतात, बाळ जोरात रडतं, काही मिनिटांत संपतं. उपचाराची गरज निघाली तर लेसर किंवा इंजेक्शन दोन-तीन दिवसांत व्हावं लागतं, पुढच्या महिन्यावर ढकलता येत नाही. तारीख मोबाईलमध्ये टाकून ठेवा. घरी सोडतात त्या गडबडीत नेमकी तीच राहून जाते, कारण तोवर बाळ दोन किलोचं झालेलं असतं, टकामका बघत असतं, आणि त्याच्या डोळ्यांत काही असेल असं कुणाच्या मनातही येत नाही.