पळस : नाव फुलाचं की पानाचं?

प्रश्न असा आहे : ‘पळस’ हा शब्द ‘पल’ म्हणजे मांस आणि ‘अश’ म्हणजे खाणारा, यांवरून आला का? फुलं रक्तासारखी लाल, म्हणून हे नाव पडलं असं विचारणाऱ्यांनी ऐकलं आहे.

मला हे पटत नाही. ‘पल + अश’ अशी फोड करून संस्कृतात ‘पलाश’ शब्द राक्षसासाठी येतो, हे खरं. पण झाडाचं नाव त्यापेक्षा साध्या गोष्टीवरून पडलंय. पलाश म्हणजे पान. अमरकोशात पानाचे पर्याय दिलेत ते असे : ‘पत्रं पलाशं छदनं दलं पर्णं छदः’. आणि झाडाचे पर्याय : ‘पलाशे किंशुकः पर्णो वातपोथः’. म्हणजे या झाडाला ‘पलाश’ म्हणा नाहीतर ‘पर्ण’, दोन्हींचा अर्थ पानच. त्याच कोशात ‘पालाश’ हे रंगाचंही नाव आहे, आणि तो रंग कुठला? हिरवा! फाल्गुनात निष्पर्ण फांद्यांवर पेटलेला पळस पाहून हे कुणाच्या मनातही येणार नाही.

पण वर्षातले बाकीचे महिने माणसाचा या झाडाशी संबंध येतो तो पानांमुळेच. पत्रावळ याच्या पानांची, द्रोण याच्या पानांचा. जुन्या वनस्पतिशास्त्रज्ञांनाही आधी पानंच दिसली असावीत. आज ब्युटिया मोनोस्पर्मा, म्हणजे ‘एकबीजी’, म्हणतात त्याचं आधीचं नाव ब्युटिया फ्रोंडोसा होतं. फ्रोंडोसा म्हणजे पानांनी भरलेला.

पलाशचा पळस कसा झाला, ते सरळ आहे. प्राकृतात ‘श’चा ‘स’ होऊन पलास, मग फल-फळ, कमल-कमळ यांच्याप्रमाणे ‘ल’चा ‘ळ’, आणि मधला ‘ला’ ऱ्हस्व. कलशाचा कळस होतो तसंच. १७५७ची लढाई झाली ते बंगालमधलं प्लासी, म्हणजे पलाशी, तेही याच झाडाच्या नावाचं.

फुलाकडे पाहून पडलेलं नाव हवं असेल तर ते ‘किंशुक’. परंपरेने त्याची फोड ‘किं शुकः?’, हा पोपट तर नव्हे, अशी करतात. ही व्युत्पत्ती नंतर रचलेली असेल, पण एक फूल तळहातावर घेऊन पाहाच. देठाजवळची वाटी काळपट आणि मखमलीसारखी, आणि त्यातून बाहेर आलेली वाकडी पाकळी थेट राघूच्या चोचीसारखी. वास मात्र नाही. शाळेत पाठ केलेल्या ‘विद्याहीना न शोभन्ते निर्गन्धा इव किंशुकाः’ या सुभाषितात वास नसलेल्या फुलाची गोष्ट आहे, म्हणून तिथे किंशुकच आला.

आपल्या म्हणीत मात्र पुन्हा पानंच आली : कुठेही जा, पळसाला पानं तीनच.