नाटकात मामांचे पैसे घालण्याआधी

अनेक आशीर्वाद,

मालिकेच्या सेटवर प्रॉडक्शन सांभाळता सांभाळता तुला नाटक काढायची ओढ लागली, हे वाचून फार बरं वाटलं. संहिता हातात आहे, मामा पैसे लावायला तयार आहेत, मग थांबायचं कशाला, असं तू विचारतेस. थांबायचं ते हिशेबासाठी.

समजा, नेपथ्य, कपडे, संगीत, तालमींची जागा आणि शुभारंभाच्या जाहिराती मिळून निर्मितीला 12 लाख लागले. हे पैसे एकदाच जातात. पुढे प्रत्येक प्रयोगाचा खर्च निराळा: नाट्यगृहाचं भाडं, कलाकारांची नाईट म्हणजे दर प्रयोगाचं मानधन, लेखक-दिग्दर्शकाचं मानधन, बॅकस्टेजची मंडळी, बस, सेटचा टेम्पो, पेपरातली जाहिरात. तो एक लाख धर. विक्री 1 लाख 20 हजारांची झाली, तर हातात उरले 20 हजार. असे 60 प्रयोग झाले की मामांची मुद्दल सुटली. आठवड्याला दोन प्रयोग धरलेस तरी सात महिने लागतात, आणि त्यात परीक्षा, मुसळधार पाऊस, क्रिकेटचे सामने, निवडणूक असं काहीतरी येणारच. तिकीट वाढवून हे अंतर कापता येईल असं समजू नकोस. 500 रुपयांपर्यंतच्या नाट्यतिकिटावर जीएसटी नाही, म्हणून बहुतेक निर्माते वरचा दर तिथेच रोखतात.

त्यात दोन प्रयोग मिळतील कुठे? ठाण्याचं गडकरी रंगायतन असो की पुण्याचं बालगंधर्व रंगमंदिर, तारखांचं वाटप बरंच आधी होतं. शनिवार-रविवारवर सगळ्यांचा डोळा असतो, नव्या संस्थेच्या वाट्याला आडवार, म्हणजे आठवड्याचा मधला दिवस, येतो. आडवारी नाटक उचलून धरायचं तर प्रेक्षक कसा येतो, हे तुला ठाऊक हवं. मालिकेत ते कळत नाही, कारण तिथे तुला प्रेक्षक दिसतच नाही, गुरुवारी टीआरपीचा आकडा तेवढा दिसतो.

म्हणून काही महिने एखाद्या नाट्यव्यवस्थापकाच्या हाताखाली काढ. दादरच्या शिवाजी मंदिर नाट्यगृहात बुकिंगच्या खिडकीमागे बस. बरंच बुकिंग आता ॲपवर होतं, तरी खिडकीवर येणारा माणूस बोलतो. "कोण कोण आहे नाटकात?" असं आधी विचारतो, की "विनोदी आहे ना?" असं? खुर्च्यांच्या प्लॅनवर विक्रीच्या खुणा कुठल्या रांगेपासून पडायला लागतात? मागच्या रांगेचा दर ऐकून कोण मुकाट निघून जातं? हे बघितलेल्या निर्मात्याला दर ठरवायला दुसऱ्याला विचारावं लागत नाही.

नाटक कधी थांबवायचं, हा सगळ्यांत अवघड निर्णय. 'वस्त्रहरण' 1980 मध्ये आलं तेव्हा सुरुवातीला प्रतिसाद थंड होता. पु. ल. देशपांड्यांनी ते पाहून मनापासून दाद दिली आणि गर्दी सुरू झाली. पुढे मच्छिंद्र कांबळींच्या या नाटकाचे पाच हजारांवर प्रयोग झाले. ही गोष्ट ऐकून अनेकजण मेलेलं नाटक कर्ज काढून चालवत बसतात. तू प्रेक्षागृहात मागे उभी राहा. शंभर माणसं आली असतील, पण ती मध्यंतरात एकमेकांशी नाटकाबद्दलच बोलत असतील, तर जाहिरातीवर आणखी पैसे घाल. तीच शंभर माणसं वडा खाऊन फोन बघत बसली असतील, तर जाहिरात वाढवून काही होणार नाही.

कागदपत्रं चोख ठेव. संहिता राज्य सरकारच्या रंगभूमी प्रयोग परीक्षण मंडळाकडून संमत होऊन आल्याशिवाय जाहिरात देऊ नकोस, आणि लेखकाशी करार लेखीच कर, तो तुझा मित्र असला तरी.

टीव्हीत परत जायचंच असेल तर जरूर जा, पण तिथला निर्माता वेगळ्या ताणात जगतो. वाहिनी एपिसोडमागे ठरलेला दर देते, तोही काही महिन्यांनी, आणि तोवर रोजचं शूटिंग तू चालवायचं. मालिकेचे हक्क बहुधा वाहिनीकडेच जातात. पैसे अडकले की पहिली झळ बसते ती स्पॉटदादा, लाइटवाले, मेकअपवाले यांना. मला याचा मनस्वी राग आहे. तीन-चार महिन्यांचा खर्च पेलेल इतकं खेळतं भांडवल हाताशी नसेल, तर मालिका घेऊ नकोस. नाटकात निदान मध्यंतरात मानधनाची पाकिटं निघतात, वहीवर सही होते, आणि सेट भरणारा माणूस आपले पैसे घेऊन शेवटची लोकल पकडतो. तू ती वही स्वतः बघत जा. आधी बॅकस्टेज, मग कलाकार, निर्माता सगळ्यांत शेवटी.

स्मिता तळवलकरांची वाटचाल नीट समजून घे. दूरदर्शनवर बातम्या देणारी बाई 1989 मध्ये 'कळत नकळत' चित्रपट काढते, पुढे अल्फा मराठीवर (आताची झी मराठी) 'अवंतिका' मालिका उभी करते. घराघरांतल्या बायका काय बोलतात हे त्यांना नेमकं कळत होतं, असं मला त्यांचं काम बघून कायम वाटतं. तुझ्या संहितेत तसं ऐकलेलं काही आहे का, ते मला अजून दिसलं नाही. दुसरा अंक पुन्हा लिहून घे.

मामांचे पैसे इतक्यात घेऊ नकोस. पावसाळ्यातल्या एखाद्या बुधवारी त्यांना अर्ध्या रिकाम्या प्रयोगाला घेऊन जा, मागच्या रांगेत बसव, आणि नंतर त्या रात्रीचा हिशेब व्यवस्थापकाकडून त्यांच्यासमोर मांडून घे. त्यावरही ते "करूया" म्हणाले, तर मला फोन कर. तारखांचं मी बघतो.

तुझा,
काका