फासा, सोंगटी आणि दान

प्रश्न असा आला आहे: लुडोतल्या 'डाइस'ला मराठीत सोंगटी म्हणायचं की फासा? आणि हल्ली चार, आठ, दहा, वीस बाजूंचे 'डाइस' संचात मिळतात, त्यांनाही फासेच म्हणायचं का, की फासा म्हणजे फक्त सहा बाजूंचा ठोकळा?

पहिल्याचं उत्तर सोपं आहे. हातातून टाकतो तो फासा, पटावर चालते ती सोंगटी आणि फाशावर जे पडतं ते दान. 'सोंगटी टाक' असं मुलं म्हणतात तेव्हा मी तिथल्या तिथे 'फासा टाक' असं सांगते. तीन वस्तूंना तीन नेमके शब्द असताना ते एकात कालवू नयेत.

दुसरा प्रश्न मला अधिक आवडला. त्याचं उत्तर सारीपाटाच्या फाशात आहे, कारण तो ठोकळा नव्हताच. हस्तिदंताची, हाडाची किंवा लाकडाची लांबट चौकोनी कांडी, तिच्या चार लांब बाजूंवर टिंबं आणि दोन्ही टोकं कोरी. टिंबं बहुधा १, २, ५ आणि ६; एकाच्या पाठीला सहा, दोनाच्या पाठीला पाच. तीन आणि चार नाहीतच. असे तीन फासे एकदम टाकले आणि एकावर एक, उरलेल्या दोहोंवर सहा-सहा आले, की ते 'पौ बारा'. हिंदीत 'पौ बारह होना' म्हणजे नशीब फळफळणं; मराठीत मात्र 'पोबारा करणे' म्हणजे धूम ठोकणं. दान तेच, अर्थ दोन दिशांना गेले. तेरा घरांचं दान मिळाल्यावर सोंगटी जी सुटते, त्यातूनच मराठी अर्थ आला असावा असं मला वाटतं.

म्हणजे 'फासा' हा शब्द बाजूंच्या संख्येशी कधीच बांधलेला नव्हता. घनाकार फासेही आपल्याकडे जुनेच. हडप्पा आणि मोहेंजोदडो इथे भाजक्या मातीचे सापडले आहेत, आणि त्यांतल्या काहींवर एकासमोर दोन, तिनासमोर चार, पाचासमोर सहा आहे. आज समोरासमोरच्या टिंबांची बेरीज सात येते, तशी तिथे येत नाही. पचिसी तर कवड्यांवर चाले. तिच्यावरून इंग्लंडमध्ये १८९६ साली लुडो निघाला, त्यात सहा बाजूंचा फासा आला.

तेव्हा 'वीस बाजूंचा फासा' असं खुशाल म्हणावं. भूमितीत त्या आकाराला विंशतिफलक म्हणतात, पण खेळताना त्याची गरज नाही. 'षटकोनी फासा' मात्र लिहू नये. षटकोन ही सपाट आकृती. लुडोचा फासा घन असतो.

व्युत्पत्तीही विचारली आहे. संस्कृत 'पाशक' पासून हिंदीत पासा, मराठीत फासा. गळ्याचा 'फास' हा 'पाश'वरून आला, आणि फासेपारध्यांच्या नावातले फासे हे सापळ्याचे फास, खेळाचे नव्हेत. सामान्यरूपातही दोन्ही वेगळे राहतात: फासाची गाठ, पण फाशाची टिंबं. पैसा-पैशाचा, मासा-माशाचा, तसा फासा-फाशाचा.

आता विकत घ्यायचे असतील तर. मुलांच्या लुडोला गोल कोपऱ्यांचा फासा बरा, तो चांगला घरंगळतो. टिंबं कोरलेल्या स्वस्त फाशात सहाच्या बाजूचं द्रव्य सगळ्यांत जास्त निघून जातं, म्हणून ती बाजू किंचित हलकी राहते. घरच्या खेळात त्यानं बिघडत नाही. जुगारघरांतले फासे मात्र धारदार कडांचे आणि पारदर्शक असतात आणि टिंबांत तेवढ्याच घनतेचा रंग भरलेला असतो. चार बाजूंच्या फाशाला वरची बाजूच नसते, टोक वर येतं. म्हणून दान टोकाशी वाचायचं की तळाशी, हे घेतानाच पाहून ठेवावं. वीस बाजूंच्या फाशावर समोरासमोरच्या आकड्यांची बेरीज साधारणपणे २१ येते, तीही तपासावी. शंका आलीच, तर पेल्यात पाणी घेऊन प्लॅस्टिकचा फासा तरंगेपर्यंत मीठ विरघळवत जावं आणि बोटानं त्याला पुन्हा पुन्हा गिरकी द्यावी. दर वेळी एकच आकडा वर येऊ लागला, तर तो फासा एका बाजूला जड आहे. दुकानात परत द्यावा.