मांगाचा खप घटला, मग मुलीला जपानला पाठवावे का?

प्रश्न : माझ्या मुलीने यंदा कला शाखेतून बारावी केली. ती टॅबवर उत्तम चित्रे काढते आणि टोकियोला जाऊन अ‍ॅनिमेशन शिकण्याचा तिचा हट्ट आहे. जपानमध्ये मांगा, म्हणजे जपानी चित्रकथांच्या, साप्ताहिकांचा खप कोसळल्याचे वाचले. अशा क्षेत्रात तिला पाठवावे का?
– एक पालक, सातारा

उत्तर : सप्रेम नमस्कार. आपण वाचले ते खरे आहे. ‘शोनेन जंप’ या साप्ताहिकाचा खप १९९५च्या सुमारास ६५ लाखांवर होता, तो आता दहा लाखांच्या आसपास आला आहे. मात्र हा वाचक मोबाइलकडे वळला. त्याच प्रकाशनसंस्थेने, म्हणजे शुएइशाने, २०१४ मध्ये ‘शोनेन जंप प्लस’ आणि २०१९ मध्ये परदेशी वाचकांसाठी ‘मांगा प्लस’ ही अ‍ॅप सुरू केली. २०२३ मध्ये जपानमधील मांगाच्या विक्रीत डिजिटलचा वाटा सत्तर टक्क्यांच्या जवळ होता. अ‍ॅनिमेच्या, म्हणजे जपानी अ‍ॅनिमेशनच्या, बाबतीत २०२० मध्ये परदेशांतील बाजारपेठ प्रथमच देशांतर्गत बाजारपेठेहून मोठी झाली. तेव्हा धंदा बुडत चालला आहे, ही भीती मनातून काढून टाका.

माझी काळजी वेगळी आहे. अ‍ॅनिमेचा खर्च बहुधा प्रकाशक, वाहिनी, संगीत कंपनी यांची ‘निर्मिती समिती’ उचलते, त्यामुळे हक्क आणि नफाही प्रामुख्याने समितीकडे राहतो; स्टुडिओला ठरलेली रक्कम मिळते. नवख्या चित्रकाराच्या वाट्याला सहसा प्रथम येते ते दोन मुख्य चित्रांमधली चित्रे भरण्याचे काम. त्याचे पैसे अनेकदा नगावर मिळतात आणि पुष्कळ जण कंत्राटीच असतात. हे काम पूर्वीही कोरिया आणि चीनकडे जात असे. फाइल क्षणात पाठवता येऊ लागल्यापासून ते अधिकच सहज जाते. नोकरीचा व्हिसा मात्र संस्थेशी झालेल्या, पुरेशा वेतनाच्या करारावर मिळतो, आणि नगावरचे काम त्यात बसवणे कठीण असते.

डिजिटल विस्तारामुळे मागणी वाढली आहे ती हक्कविक्री, परदेशी भाषांतील रूपांतराचे संपादन आणि निर्मितीचे वेळापत्रक सांभाळणे अशा कामांना. (नुसत्या भाषांतरावर भिस्त ठेवू नये; यंत्रानुवाद करणाऱ्या कंपन्यांत जपानी प्रकाशकांनीच पैसा गुंतवला आहे.) या कामांसाठी चित्राची समज उपयोगी पडते, पण जपानी भाषेवाचून दारही उघडत नाही, जेएलपीटी या जपानी भाषेच्या परीक्षेची एन-२ पातळी (एन-५ सर्वांत सोपी, एन-१ सर्वांत अवघड) ही मी किमान अट मानतो.

म्हणून माझा स्पष्ट सल्ला असा, की तिने आत्ताच टोकियोला न जाता पुण्यात पदवी घ्यावी आणि सोबत जपानी शिकावे. रानडे इन्स्टिट्यूट आणि टिळक महाराष्ट्र विद्यापीठात तशी सोय आहे, जेएलपीटीचे केंद्रही पुण्यात आहे. पदवी हाती असल्यास पुढे व्हिसाची वाटही सोपी होते. चित्रकला मुळीच सोडू नये; ‘क्लिप स्टुडिओ पेंट’ हे जपानी सॉफ्टवेअर तिने नीट आत्मसात करावे आणि निवडक कामांचा पोर्टफोलिओ तयार ठेवावा. एन-२ झाल्यावरही तिची ओढ टिकली, तर तिथल्या दोन वर्षांच्या व्यावसायिक विद्यालयाचा विचार अवश्य करावा. जपान सरकारच्या मेक्स्ट शिष्यवृत्तीत अशा विद्यालयांसाठी स्वतंत्र गट आहे, त्याची वयोमर्यादा दूतावासाच्या सूचनेत आधीच पाहून ठेवावी. एखादा एजंट एन-५ वर स्टुडिओत नोकरीची हमी देत असेल, तर त्याला एक रुपयाही आगाऊ देऊ नये.