राष्ट्राध्यक्षांची यादी करताय? शेजारचा रकाना विसरू नका

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांची नुसती नावं घोकू नका. शेजारी उपाध्यक्षांचा रकाना ठेवाच, खरी गंमत तिथे आहे. १८४१ मध्ये विल्यम हेन्री हॅरिसन महिन्याभरात वारले, उपाध्यक्ष जॉन टायलर राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्यांची उपाध्यक्षपदाची जागा १८४५ पर्यंत रिकामीच राहिली. ती भरायची सोय १९६७ च्या २५व्या घटनादुरुस्तीने आली. तेव्हा असे रिकामे काळ रिकामेच दाखवा. १९७३-७४ मात्र तारखांसकट लिहा: उपाध्यक्ष ॲग्न्यू यांचा राजीनामा, त्यांच्या जागी फोर्ड उपाध्यक्ष, मग राष्ट्राध्यक्ष निक्सन पायउतार आणि फोर्डच राष्ट्राध्यक्ष. दोन्ही पदांवर एकदाही निवडून न येता! सलग नसलेल्या दोन कारकिर्दींमुळे क्लीव्हलँड २२वे आणि २४वे, ट्रम्प ४५वे आणि ४७वे. म्हणून क्रमांक ४७, माणसं ४५. आणि हो, शपथविधी २० जानेवारीला होतो तो १९३७ पासून; त्याआधी ४ मार्च.